ते बेसन नव्हतं

बातमी आली तेव्हा मी घाटंजीच्या बाजारात सीताफळं दाबून पाहत होते. फोन नवऱ्याचा होता. "वहिनी गेली... चहा घेतला, जराशी पडते म्हणे, अन् उठलीच नाई." मी 'येते' म्हटलं आणि फोन पिशवीत टाकला. समोरची बाई तराजू धरून बसली होती. "घेता का नाई, बाई?" मी घेतली. चांगली डोळे उघडलेली, आज-उद्याच संपवावी लागतील अशी. घराच्या वळणावर आले तेव्हा लक्षात आलं की ही सीताफळं तर मी तिच्यासाठीच घेतली. त्या क्षणी मला जे वाटलं ते दुःख नव्हतं, संताप होता. एक वाक्य तिने बोलायचं राहिलं होतं. किती वर्षं मी ते मागत होते, आणि ही बाई चहा पिऊन, ते न बोलताच निघून गेली.

ती म्हणजे माझी मोठी जाऊ. घरात सगळे तिला मोठीबाई म्हणायचे. लग्न होऊन आले त्या दिवसापासून मी तिला अहो-जाहो केलं, तिच्या पाया पडले, सणावारी तिच्या हातून ओटी भरून घेतली. या लेखात मात्र मी तिला 'ती' म्हणणार आहे, कुणाला खटकलं तर खटकू द्या. गेलेल्या माणसाबद्दल चांगलंच लिहावं असा दंडक आहे म्हणतात. तो कुणी घातला मला माहीत नाही. बहुतेक आमच्या मोठीबाईनेच घातला असेल, कारण घरातले बाकीचे सगळे दंडक तिचेच होते.

माझं माहेर यवतमाळचं, वडील ऑफिसात नोकरीला. बाबांना स्वयंपाकातलं एकच काम यायचं, पण ते असं यायचं की रविवारी सकाळी आमच्या घरासमोरून जाणारा माणूस रेंगाळायचा. ते बेकरीतून न कापलेला पाव आणायचे, तोही आदल्या दिवशीचा, कारण ताजा पाव दुधात विरघळतो. त्याचे दोन बोटं जाड तुकडे कापायचे आणि प्रत्येकाच्या कडेला सुरीने खिसा पाडायचे. घरच्या दुधाचं पनीर फडक्यात टांगून कोरडं केलेलं असायचं. ते मळून त्यात किसलेलं चीज आणि फळ. केळं असेल तर केळं, चिकू असेल तर चिकू, आणि दिवाळीच्या आसपास सीताफळाचा गर, एकेक बी काढून. तो खिशात भरायचा, पण गच्च नाही. मग अंडं, दूध, थोडी साखर आणि वेलची फेटून त्यात तुकडा दोन्ही बाजूंनी बुडवायचा आणि बिडाच्या जाड तव्यावर, तुपात, अगदी मंद आचेवर झाकून ठेवायचा. "घाई केली की वरून जळते अन् आतलं चीज थंडच राह्यते," बाबा म्हणायचे. माझ्या लग्नात त्यांनी भांडीकुंडी दिली तशी सगळेच देतात. पण तो तवा त्यांनी वेगळा, जुन्या धोतरात गुंडाळून, माझ्या हातात दिला.

तो तवा सासरी एक दिवसही स्वयंपाकघरात राहिला नाही. अंडं घरात शिजत नाही, हे आमच्याकडच्या कितीतरी घरांत चालतं, त्याबद्दल माझी तक्रार नव्हती आणि नाही. ज्यांना खायचं ते मागच्या अंगणात वेगळ्या चुलीवर करून खातात. पण मोठीबाईच्या नियमाला फांद्या फुटलेल्या होत्या. तवा मागच्या पत्र्याच्या शेडमध्ये, खिळ्याला. सराटा म्हणजे उलथणं वेगळं, मिठाची डबी वेगळी, साखरसुद्धा वेगळी. खाल्लेल्याने चूळ भरून, हातपाय धुऊन, कपडे बदलल्याशिवाय आत पाऊल टाकायचं नाही. मे महिन्यात त्या तापलेल्या पत्र्याखाली स्टोव्हपाशी उभी राहून मी टोस्ट भाजायची, आणि ती स्वयंपाकघराच्या दारात पदर नाकाला लावून म्हणायची, "लहाने, तुह्या बापानं शिकोलं काय वं हे? दुसरं काई देल्लं नाई शिकोयाले?" बाबा तेव्हा जिवंत होते. मी ते त्यांना कधी सांगितलं नाही.

एवढ्यावर मी तिला माफ केलं असतं. तोंडाची फटकळ माणसं घरोघरी असतात. गोष्ट आहे माझ्या मुलीची, मिनूची. ती तेव्हा सात वर्षांची होती. आमच्याकडे महालक्ष्म्या मोठ्या थाटाच्या. त्या वर्षी कुमारिका म्हणून मिनूला पाटावर बसवायचं ठरलं होतं, नवीन परकर-पोलका शिवलेला होता. महालक्ष्म्या यायच्या आदल्या दिवशी मिनूचा वाढदिवस होता म्हणून मी शेडमध्ये टोस्ट केले. लेकराने काय करावं? अर्धा टोस्ट शाळेच्या डब्यात घालून लपवून ठेवला आणि जेवणाच्या दिवशी, घरात पुरणाचा वास सुटलेला असताना, भूक लागली म्हणून गोठ्यामागे बसून खाल्ला. ओठाला चीज लागलेलं तसंच घेऊन ती देवीपुढे आली. मोठीबाईने तिचं तोंड धरून वास घेतला. हो, वास घेतला, एवढ्या बायकांसमोर. "इटाळ केला पोट्टीनं," म्हणाली. मी मिनूला डोक्यावरून आंघोळ घातली, परत तोच परकर नेसवला. तरीही तिला आत बसू दिलं नाही. शेजारच्या घरातली मुलगी बोलावून तिच्या जागी बसवली. मिनूसाठी एक लाकडी पाट शेडमध्ये टाकला गेला, तव्याच्या खिळ्याखाली, आणि तिचं पान तिथे वाढलं. आतून आरतीचा आवाज येत होता. मी माझं पान उचललं आणि तिच्याजवळ जमिनीवर जाऊन बसले. मिनू रडली नाही. तिने पुरणपोळीकडे पाहिलं आणि मला विचारलं, "देवीला माझा राग आला का?"

त्यानंतर मिनू कुठल्याही महालक्ष्म्यांना आत आली नाही. मोठी झाली तशी काहीतरी परीक्षा, काहीतरी काम काढू लागली. आता पुण्याला नोकरी करते, आणि भाद्रपदात तिला नेमकी सुट्टी नसते. दर वर्षी सण जवळ आला की मी मोठीबाईला सांगायची, 'एकदा तिला फोन करा. चुकलं म्हणा, नाहीतर नुसतं ये म्हणा.' तिचं उत्तर ठरलेलं. "देवीच्या कामात कायची माफी वं? म्या माह्यासाठी केलं काय?" हे म्हणताना तिचे हात आंबील ढवळत असायचे. तिच्या हातची आंबील मला आजही जमत नाही, हे खरं. पण आंबील चांगली करता येते म्हणून माणूस चांगलं होत नाही.

मग मागच्या वर्षी तिचं पोटाचं ऑपरेशन झालं. टाके भरून येईनात, अंगावर मांस राहिलं नाही. यवतमाळच्या डॉक्टरांनी सांगितलं, अंडी द्या, रोज. ती डॉक्टरांसमोर मान हलवून आली आणि घरी येऊन म्हणाली, मरेन पण खाणार नाही. आठवडाभर वरणाच्या पाण्यावर राहिली. आणि एका सकाळी मी शेडमध्ये माझ्यापुरता टोस्ट भाजत होते तर भिंत धरत धरत ही तिथे आली. तव्याकडे पाहत उभी राहिली.

"त्याच्यात अंडं किती असते?"

"एका टोस्टाला एक."

"वास येते काय?"

"वेलची असते. नाही येत."

पदर सावरला, मग म्हणाली, "दे. पन कोनी इचारलं तं बेसन हाये म्हनजो." मी खुर्ची आणायला वळले. उठण्या-बसण्याची ताकद नव्हती तिच्यात. "खुर्ची नोको," ती म्हणाली, "तो पाट दे." शेडच्या कोपऱ्यात तोच जुना पाट उभा होता, पायाला उधई लागलेला. मी टाकला. ती एका हाताने माझा खांदा आणि एका हाताने भिंत धरून, कण्हत, त्या खिळ्याखाली पाटावर बसली, आणि तिने खाल्लं.

पुढे रोज. पाऊस असो, थंडी असो, ती उठून तिथेच यायची, आत ताट आणून देते म्हटलं तर ऐकायची नाही. खाऊन झालं की चूळ, हातपाय, बदललेलं लुगडं, सगळे नियम जसेच्या तसे. टाके भरले, गालावर जरा रंग आला. तोंडही परत आलं. पाहुणे आले की माझ्यादेखत सांगायची, "लहानी बेसनाचं काईतरी करून देते. कच्चंच राह्यते जरासं, पन खातो आपलं." मी चहाचे कप उचलून आत निघून जायची, नाहीतर तिथेच तोंडातून काहीतरी निघालं असतं. एकदा मात्र ती खात असताना मी तिच्यासमोर उकिडवी बसले आणि म्हटलं, "बाई, आता तरी मिनूला फोन करा." तिने घास चावला, गिळला. बशीतलं सांडलेलं चीज बोटाने पुसून घेतलं. "उद्या सीताफळ टाकजो," म्हणाली. बस, एवढंच!

माझ्या धाकट्या बहिणीला हे सांगितलं तर तिचे डोळे भरले. म्हणे, अगं, तीच जागा, तोच पाट, ही तिची माफीच होती की. मला हे मान्य नाही. माफी तोंडाने मागायची असते, आणि ज्याचं मन मोडलं त्याच्याकडे मागायची असते. शेडमध्ये बसून टोस्ट खाल्ल्याने ती पुण्याला पोचत नाही. खुर्ची का नको म्हणाली, ते तिलाच माहीत. कदाचित बाटेल म्हणून नको असेल. तिच्या मनात काय होतं हे ओळखत बसायचं कंत्राट मी घेतलेलं नाही.

तेरवीला घर भरलं होतं. जेवणं झाल्यावर एक नातलग उभे राहिले आणि मोठीबाईच्या नेमधर्माबद्दल बोलले. एवढं दुखणं काढलं, डॉक्टरांनी सांगितलं, तरी शेवटपर्यंत माउली अंड्याला शिवली नाही, म्हणाले. बायकांनी पदर डोळ्याला लावले. मी वाढायचं भांडं हातात धरून उभी होते. कालवा नको म्हणून गप्प राहिले, नवऱ्याने माझ्याकडे पाहिलं म्हणून गप्प राहिले. पण ज्या नेमासाठी एका लेकराला देवीसमोरून उठवलं, तो नेम तिने पाळला असं माझ्या मुलीला लोकांच्या तोंडून ऐकावं लागलं, ते मला सोसवत नाही. म्हणून इथे, सगळ्यांना वाचता येईल असं लिहिते. ते बेसन नव्हतं. अंडं होतं, माझ्या बापाच्या तव्यावरचं, आणि ती ते चाटूनपुसून खात होती.

हो, मिनू आली होती तेरवीला. पाहुणे गेल्यावर दुसऱ्या दिवशी सकाळी तिने खिळ्यावरचा तवा काढला, घासला, आणि सरळ आणून स्वयंपाकघरातल्या गॅसवर ठेवला. बाजारातल्या त्या सीताफळांचा गर मी वेळीच काढून फ्रीजरमध्ये ठेवला होता, तो तिने भरला. अंडं फोडल्याचा आवाज आला तसं माझं लक्ष आपोआप दाराकडे गेलं... कुणीच नव्हतं पदर नाकाला लावून. टोस्ट झाल्यावर मिनू बशी घेऊन मागे शेडमध्ये गेली. मी मागोमाग गेले. पाटाकडे बघत तिने विचारलं, "इथं बसायची मोठीआई?"

"इथंच."

"किती खायची?"

"दोन. सीताफळाचा असला की तीन."

मिनू हसली, मग हसायची थांबली. "माझ्याबद्दल काही बोलली?"

"नाही."

तिने उभ्यानेच टोस्ट संपवला. बशी ठेवली आणि पाटाची धूळ हाताने झटकली. "आई, तवा तर आता आतच राहील. हा पाटही नेऊ का आत?"

"तवा ने," मी म्हटलं. "पाट राहू दे तिथंच. ती चुकलं म्हणत नाही तोवर बसू दे तिले बाहेर."