ओंडक्यांच्या रेल्वेची वहिवाट

"इंग्लिश मीडियमची हाय. काय बी सांगा, गप लिहून देती. भितीय लई."

थोरले काका ओट्यावर कुणाला तरी हळू आवाजात सांगत होते. हळू म्हणजे रस्त्यापलीकडे ऐकू जाईल इतपत. मी आत चौथं पान फेअर करत बसले होते. विषय : आमच्या गावच्या रेल्वेचा इतिहास.

गावाला रेल्वे कधीच नव्हती. आमच्या तालुक्यात रेल्वे निवडणुकीला येते आणि मतमोजणी झाली की परत जाते. होती ती ट्रॉली. डिंभ्याच्या धरणाचं पाणी चढायच्या आत खोऱ्यातली झाडं तोडून न्यायची होती, म्हणून एका ठेकेदाराने रूळ टाकले. वरच्या टोकाला तोड करणाऱ्यांच्या झोपड्या, खालच्या टोकाला आमच्या गावातली लाकडाची वखार, मध्ये जेमतेम दोन मैल. रिकामी ट्रॉली माणसं ढकलत वर नेत. येताना ती ओंडक्यांसकट आपली आपण येई. ब्रेक म्हणून चाकात बाभळीचं दांडकं घालत. ते मोडलं की सगळे उड्या टाकत.

मी तेव्हा बालवाडीत होते. पुढे झाडं संपली, पाणी चढलं, ठेकेदार कुणाला न सांगता निघून गेला. रूळ मात्र राहिले. महिनाभर. मग ते हळूहळू गावात राहायला आले. एक तुकडा शाळेची घंटा झाला, दोन देवळाच्या पायरीला लागले, कुणाच्या न्हाणीवर, कुणाच्या फाटकाला. सहा लांबलचक रूळ काकांच्या गोठ्याच्या आढ्याला गेले. म्हशींना एवढं भक्कम छप्पर तालुक्यात दुसरीकडे नसेल.

रूळ गेल्यावर रेल्वे वाढायला लागली. मी कॉलेजात जाईपर्यंत तिला इंजिन लागलं होतं, शिट्टी होती. शिट्टी खरंच होती, मुकादम दोन बोटं तोंडात घालून वाजवायचा. मग काकांनी शेजारच्या मावशींवर तहसिलात रस्त्याची केस टाकली आणि रेल्वे एकदम ब्रिटिशकालीन झाली.

काकांच्या उसाला ट्रॅक्टर न्यायला जवळची वाट हवी होती. आमच्याकडे वहिवाट ही देवाच्या खालोखाल मानतात. पूर्वी इथून वाट होती एवढं पटवलं की ती मोकळी करून मिळते. आणि रुळांपेक्षा पक्की वाट कुठली? काकांच्या म्हणण्याप्रमाणे रूळ मावशींच्या विहिरीला लागून जात होते. तिथून रस्ता निघाला असता, तर मावशींच्या अर्ध्या एकरात विहीर एका बाजूला आणि वाफे दुसऱ्या बाजूला राहिले असते. त्यांचे यजमान वारलेले. घर त्या अर्ध्या एकरावर चालायचं.

मावशी वखारीत ट्रॉली ढकलायच्या कामाला होत्या. रूळ कुठून जात हे त्यांच्याइतकं कुणालाच माहीत नव्हतं, म्हणून त्यांना कुणी विचारलं नाही. आमच्या घरात त्यांच्या चहाचा कप वेगळा, खिडकीत पालथा घातलेला असे. त्याचीही वहिवाट बरीच जुनी होती, पण तिचा इतिहास लिहायला मला कुणी सांगितलं नाही.

काका सांगत गेले, मी लिहीत गेले. "ब्रिटिश साहेब घोड्यावरनं तपासायला यायचा, घाल." घातला. "घोडा पांढरा व्हता." पांढरा केला. एकदा मी "पण काका..." एवढं म्हणाले. काका म्हणाले, "अगं, इंग्रजीतनं लिहिलं की खरं वाटतंय." शाळेत एवढी फी भरून मी नेमकं हेच शिकून आले होते.

तहसिलातून व्हायच्या पाहणीच्या आदल्या दिवशी मावशी बांधावर भेटल्या. भांडल्या नाहीत. एवढंच म्हणाल्या, "बाय, तुला ट्रॉलीवं बसवून मीच न्हेलं व्हतं. आठवतंय का, कुठनं न्हेलं?"

मी मान हलवली. हो की नाही, ते कळू नये अशी. ही कला मला लहानपणापासून जमते.

दुसऱ्या दिवशी सर्कलसाहेब आले. विहिरीपाशी पंच जमले, काकांनी खुर्ची मागवली. साहेबांनी माझी चार पानं उलटीसुलटी करून पाहिली आणि माझ्याकडे परत दिली. "मॅडम, तुम्हीच वाचा. मराठीत सांगत सांगत वाचा."

मी वाचायला लागले. ब्रिटिश साहेब झाला, घोडा झाला. "रूळ या विहिरीच्या..." इथे थांबले. मावशी जमिनीकडे बघत होत्या. आज त्यांनी पायांत चपला घातल्या नव्हत्या, कचेरीची माणसं आली म्हणून.

"वाच की," काका म्हणाले. मग साहेबांकडे वळून हसले, "लाजतीय, राव."

मी पानांची घडी घातली. 

"काका, रूळ इथून नव्हते. आपल्या कांद्याच्या चाळीच्या जागेवरून होते. जागा आयती सपाट मिळाली म्हणून तुम्ही चाळ तिथे बांधलीत, खाली अजून रुळांखालचे लाकडी स्लीपर आहेत. वहिवाट मोकळी करायची तर आधी चाळ हलवा."