चुकलंकाकांची चौकशी

इस्पितळाच्या लाँड्रीत काहीही बिघडलं, की बॉयलरवाले काका सगळ्यांच्या आधी म्हणत, "चुकलं, साहेब." मग चादर कुणीही जाळलेली असो. आरडाओरडा तिथेच थांबे आणि मशिनं पुन्हा सुरू होत. पोरांनी त्यांचं नावच चुकलंकाका पाडलं होतं. एका शब्दानं काम पुढे सरकत असेल तर आपल्या बापाचं काय जातं, असं काकांना वाटे.

गेली ती नोकरीच गेली, आणि याच शब्दापायी.

त्या दिवशी मॅनेजरची गाडी फाटकातच बंद पडली. धक्का मारायला त्यानंच काकांना बॉयलरवरून उठवलं. "बॉयलर चालू आहे, साहेब," काका म्हणाले, तर म्हणे, "तेवढ्यात काय आभाळ कोसळतंय?" गाडी सुरू होईपर्यंत बॉयलरमधलं पाणी आटलं, नळ्या जळाल्या आणि धुतलेल्या चादरींवाचून ऑपरेशनं पुढे ढकलावी लागली. मॅनेजरनं कानांवर हात ठेवले. आरोप काकांवर आला: काम सोडून गेला.

इस्त्रीवाल्या मावशींनी खिडकीतून सगळं पाहिलं होतं. त्यांना बोलवा, असं काकांनी चौकशीत सांगितलं. चौकशी अधिकारी म्हणाला, "कशाला वाढवताय? चुकलं म्हणा, ताकीद देऊन सोडतो." काका तसं म्हणाले. त्यांना बडतर्फ केलं.

मग कोर्ट. तारखांमागून तारखा. काकांना न्यायाधीशांच्या तोंडून एकच वाक्य हवं होतं: यात तुमची चूक नव्हती. वकीलबाईंनी आधीच बजावलं, "काका, चूक कुणाची हे कोर्ट ठरवणार नाही. चौकशी नीट झाली का, एवढंच बघणार."

"म्हणजे पोट भरलं का ते विचारायचं नाही, ताट घासलेलं होतं का तेवढंच?"

वकीलबाई हसल्या. काकांना हसू आलं नाही.

शेवटी निकाल लागला. साक्षीदाराला बोलावलंच नाही, म्हणून चौकशी रद्द. ती नव्यानं करावी. वकीलबाईंनी अभिनंदन केलं. काका चडफडत घरी आले.

"जिंकलात ना?" बायकोनं दारातच विचारलं.

"जिंकलो म्हणतात. आता सगळं पहिल्यापासून."

"हे बरंय! ये रे माझ्या मागल्या!" तिनं पिशवी आदळली.

पुन्हा तीच खोली, तीच डुगडुगणारी खुर्ची. अधिकारी तेवढा नवा. मावशी बाहेर बाकावर बसल्या होत्या. "तुम्ही तेव्हा चूक कबूल केली होती," अधिकारी म्हणाला, "मग आता साक्षीदार कशाला?" असं म्हणत त्यानं फाइल ओढली आणि त्याच्याच कोपरानं चहाचा कप कलंडला. टेबलभर चहा. काका ताडकन उठले, रुमालानं टेबल पुसू लागले.

"चुकलं, साहेब."

कोपऱ्यातल्या कारकुनाचं पेन थबकलं. "हे लिहून घेऊ का, साहेब?"

काकांची कानशिलं तापली. स्वतःच्याच जिभेचा त्यांना असा राग आला, की हातातला ओला रुमाल त्यांनी टेबलावर आपटला.

"लिहा! चहा साहेबांच्या कोपरानं सांडला आणि चुकलं मी म्हणालो, असं लिहा. त्या वेळीही हेच झालं होतं. आणि आता मावशींना आत बोलवा."