शेजारच्या खळ्यातलं कुटार

बाबा वाऱ्याच्या मठात गेले तेव्हा मी तिसरीत होते. किन्हीराजा गावाच्या पलीकडे टेकडीवर तो मठ आहे. त्याला दारं नाहीत, खिडक्या उघड्या, आणि तिथले वारेबुवा वाऱ्याशिवाय कुठल्याच देवाला हात जोडत नाहीत. दिवा फुंकून विझवायचा नाही, पंखा हलवायचा नाही, वारा पडला की तो परत येईपर्यंत तोंड उघडायचं नाही, असे त्यांचे नेम. लोकांना हे फार पवित्र वाटतं. मला विचाराल तर बिनदाराच्या घरात राहणं सोयीचं असतं. मागे टाकलेल्यांच्या तोंडावर दार लावल्याचा आळ येत नाही.

भांडण झालं नव्हतं. सकाळी भाकर खाल्ली, मायला म्हणाले, "मी मठात चाललो," चप्पल दारातच काढली आणि अनवाणी निघून गेले. मायनं ती चप्पल काही दिवस जपली. मग शेतात जाताना स्वतःच घालायला लागली.

जाऊन सुटले असते तरी एक वेळ चाललं असतं. पण वारेबुवा सुगीत गावोगाव उतरतात. त्यांनी उपणलेल्या धान्याला कीड लागत नाही, असं आमच्याकडे मानतात. ज्याचं बोलावणं येईल त्याच्या खळ्यात तीन पायांच्या उंच तिवईवर उभं राहायचं आणि टोपल्यानं धान्य वाऱ्यावर धरायचं. मोबदला नाही, जेवण नाही, फक्त पाणी. आणि सगळ्यांत मोठा नेम असा की स्वतःच्या घरचं धान्य कधी उपणायचं नाही. मठात गेला त्याला घर नाही.

आसेगावात आमचं खळं आणि शेजारच्या काकांचं खळं बांधाला बांध लागून. काका दरवर्षी बाबांनाच बोलवायचे. मुद्दाम नसेल, पण बोलवायचे. बाबा त्यांच्या तिवईवर चढायचे, तूर खाली सरळ पडायची आणि कुटार, म्हणजे शेंगांचा भुसा, उडून आमच्या खळ्यात यायचं. आमच्या डोक्यावर, डोळ्यांत, पाण्याच्या घागरीत. माय ते झाडून गोळा करायची आणि गाईपुढे टाकायची. "एवढं तरी देते तुहे बाबा घरी," म्हणायची आणि हसायची. त्या हसण्याचा मला अजून राग येतो.

दहा वर्षांची असताना मी एकदा बांध ओलांडून गेले. मायच्या खांद्यात कळ निघत होती, टोपलं वर जात नव्हतं, आणि आमची तुरीची रास तशीच पडली होती. मी तिवईखाली उभी राहिले. म्हटलं, "बाबा, आपली बी तूर उपणून द्या ना. मायचा हात दुखून राह्यला."

वारा पडला होता, म्हणून ते बोलले नाहीत. समोर बघत उभे राहिले. मीही उभी राहिले, वारा आला की बोलतील म्हणून. बराच वेळ गेला. मग वारा आला, आणि ते टोपलं हलवायला लागले. कुटार माझ्या तोंडावर आलं. मी परत आले आणि मायला सांगितलं की बाबा नाही म्हणाले. ते काही म्हणालेच नव्हते, हे सांगायची मला लाज वाटली.

पुढे थ्रेशर आले. आता तासाभरात सगळा ढीग साफ होतो, वाऱ्याची वाट बघायला कोणाला फुरसत आहे? वारेबुवांना बोलावणं येईना. मठात चारपाच म्हातारे उरले. जन्मभर कुटार खाल्लेल्या छातीनं बाबांना दमा धरला. मी वाशिमला शाळेत शिकवते. एका सुट्टीत औषधं घेऊन टेकडीवर गेले. धापा टाकत त्यांनी विचारलं, "यंदा वारा कसा हाय तुमच्याकडं?" मायचं नाव नाही. मी औषधं ठेवली आणि उतरले.

यंदा तुरी निघाल्यावर ते गेले. मठातले थोरले बुवा राख टोपल्यात घालून, वर फडकं बांधून, आमच्या खळ्यावर घेऊन आले. मठाची रीत म्हणे: जो जन्मभर घरचं उपणत नाही, त्याला शेवटी घरच्यांनी उपणायचं. घरच्या खळ्यात, तिवईवरून, वारा सुटल्यावर.

मला ही रीत आवडली, खरं सांगते. मला ते उडून जायला हवे होते. एकदाचे, सगळेच्या सगळे, परत कुठे दिसू नयेत असे. मी साडी खोचून तिवईवर चढले.

दुपार होती आणि पान हलत नव्हतं. थोरले बुवा नेमाप्रमाणे गप्प. अर्धा तास गेला, तास गेला. माय खाली सावलीत बसली होती. तिच्याजवळ खळं सारवायला कालवलेल्या शेणाची बादली. मग ती गुडघ्यावर हात ठेवून उठली.

"उतर तू," मला म्हणाली. "आन ते टोपलं मले दे."

"माय, वारा नाही अजून."

"नसू दे. लय वर्सं थांबली मी त्यायच्यासाठी. आता नाही थांबत."

तिनं टोपलं खळ्याच्या मधोमध उपडं केलं. थोरले बुवा हात हलवायला लागले, पण वारा नव्हता म्हणून त्यांना बोलता येईना. मायनं बादली त्यावर ओतली, खाली बसली आणि राखेसकट सारवायला लागली. दुखऱ्या खांद्याच्याच हातानं, सवयीच्या गोल फटकाऱ्यांनी. सारवता सारवता जमिनीशीच बोलली, "लय फिरले तुमी. बसा आता अठीच."

थोड्या वेळानं वारा आला. चांगला मोठा, तूर उपणायला लागतो तसा. बुवांची वाचा फुटली. "बाई, हे काय केलं तुमी?" मायनं बादली विसळली आणि त्यांना प्यायला पाणी दिलं.

तिचं चुकलं असं मी कोणापुढे म्हणणार नाही. पण मला ते आमच्या खळ्यात नको होते, आणि मला कोणी विचारलं नाही. आता दर सुगीला त्याच खळ्यावर मला उभं राहावं लागेल. माय मात्र परवा फोनवर सांगत होती की यंदा सारवण छान बसलं, कुठे भेग नाही.