डाग काढलेला सलीम

माझा दोस्त सलीम गेल्याचं मला सरळ कुणी सांगितलंच नाही. कापूरहोळला भोरच्या एसटीची वाट बघत उभा होतो, तेवढ्यात त्याच्या गावातल्या एका कार्यकर्त्याचा फोन आला, "सलीमभाईंचा एखादा बरा फोटो आहे का? श्रद्धांजलीच्या फ्लेक्सला हवाय..." शी! हयातीत ज्यांनी त्याला येडा म्हणून हिणवलं, त्यांचीच ही घाई.

सलीम सिनेमे करायचा, पण त्यात गोष्ट नाही, गाणं नाही, आवाजसुद्धा नाही. वेल्ह्याच्या भातखाचरांत फिल्मचा जुना कॅमेरा लावून तासन्‌तास बसायचा. रीळ धुवायचा, म्हणजे त्यावर चित्र उमटवायचा, तो घरामागच्या खोलीत, हिरड्याच्या काढ्यात धुण्याचा सोडा घालून, उघड्या हातांनी. चित्रावर तपकिरी डाग पडायचे. "पडू दे की. तिथल्याच झाडाचे हायेत," म्हणायचा. मग गावात चादर बांधून सिनेमा दाखवायचा. एकदा एक म्हातारी वैतागली, "आरं, ह्ये तर आमचंच खाचर. किती येळ दावतुयास!" सलीम म्हणाला, "आज्जी, तुमी तर दिसभर त्यातच उभ्या असता की." म्हातारी शेवटपर्यंत बसली.

शोकसभेत मात्र पडद्यावर भलतंच काही आलं. सलीमने कधीतरी कुणाला पेनड्राइव्हवर दिलेली फिल्मची कॉपी. कॉम्प्युटरवर तिचे डाग पुसलेले, हिरवागार रंग भरलेला, आणि वर बासरी! माईकवर पुढारी म्हणे, "तालुक्याचं निसर्गसौंदर्य जगापुढं नेणारा सुपुत्र." वर टाळ्या! मेलेला माणूस उठून बोलत नाही, म्हणून काय वाट्टेल ते करायचं? किळस आली मला, अजून येते.

सभा संपल्यावर फिल्म साफ करणारा पठ्ठ्या सलीमच्या बहिणीकडे, शमीमआपांकडे, आला. "आपा, मूळ रिळं द्या. सगळीच स्वच्छ करून देतो." ती रिळं याच्या हाती पडली असती, तर सलीमचं काहीच उरलं नसतं. आपा म्हणाल्या, "न्हाई द्यायची. म्या जल्मभर त्येची कापडं धुतली. हिरड्याचा डाग निघत न्हाई, बाबा. काढायचाबी न्हाई."

परवा आपांनी मला त्या मागच्या खोलीत बसवलं आणि सभेतल्या फिल्मचंच मूळ रीळ प्रोजेक्टरवर चढवायला लावलं. भिंतीवर खाचर दिसलं, वाऱ्यानं हलणारं भात दिसलं. मग कडेला एक गोल तपकिरी डाग आला, बारीक बारीक रेघांचा. मशीन थांबवायला लावून आपा उठल्या, भिंतीपाशी गेल्या, त्यावर बोट ठेवलं.

"ह्यो बघा... त्येचा अंगठा."

सभेत त्या जागी हिरवं गवत भरलं होतं.