चांद्याचं शिंग

हे मी कुणाला सांगितलेलं नाही. बायकोलाही नाही. सुनंदाला तर नाहीच — ती माझी धाकटी बहीण, आणि गुन्हा तिचाच केलाय.

माझी सगळी नोकरी गुरांच्या दवाखान्यात मलमपट्टी करण्यात झाली. जुवाने सोललेले खांदे पाहिले की जीव तुटायचा. आमच्या जाम गावाच्या आसपास गावोगाव सांगत फिरायचो — जुवाखाली गादी बांधा, भर उन्हात जुंपू नका. बैलाला जपून राबवावं, एवढंच माझं शास्त्र. लोक मान द्यायचे. खोटं कशाला बोलू, तो मान मला आवडायचा.

मग सुनंदाने भाजीच्या वाडीतले दोन्ही बैल जुवातून कायमचे सोडले. विकले नाहीत — चारा-पाणी सगळं, काम मात्र नाही. मी जपण्याचं बोललो की म्हणायची, राबवायचा हक्कच आपल्याला दिला कुणी? कॉलेजची मुलं तिचे व्हिडिओ काढायला येऊ लागली. माझ्याच गावात मला विचारायचे, "तुम्ही सुनंदाताईचे भाऊ काय?" पोटात दुखायचं हो! वीस वर्षं जखमांतल्या अळ्या मी काढल्या, आणि कौतुक कुणाचं?

पोळ्याच्या आदल्या संध्याकाळी आमच्याकडे बैलांचे खांदे लोणी-हळदीने मळतात, उद्या जेवायला या म्हणून त्यांना आवतण देतात. दरवर्षीसारखा मी वाटी घेऊन तिच्याकडे गेलो. चार शेजारी बसलेले. ती हसून म्हणाली, "दादा, ज्याच्या मानेवर जूच नाई, त्याचे खांदे काऊन मळाचे?" सगळे हसले. चेष्टाच होती ती — पण माझ्या अंगाची नुसती आग झाली.

तेवढ्यात तिच्या दोन बैलांपैकी चांद्याने डोकं झटकलं. पुन्हा झटकलं. उजवं शिंग खुंट्याला घासू लागला. मी शिंगाच्या बुडाशी हात लावला — गरम. मला कळलं. शिंगाचा कॅन्सर असाच सुरू होतो. वेळेवर शिंग कापलं तर बैल वाचतो. असे किती वाचवलेत मी!

"काही झालं काय याले?" तिने विचारलं.

"माशा बसून राह्यल्या," मी म्हणालो.

का म्हणालो? नंतर सांगू, असं मनात होतं? नाही. तिचं काहीतरी बिघडावं, असं वाटलं. त्यानंतर मी तिच्याकडे फिरकलो नाही. भाऊबीजेलाही नाही. तिचा फोन आला तेव्हा शिंग लोंबत होतं, नाकातून रक्त येत होतं. डॉक्टर म्हणाले, उशीर झाला.

चांद्याला पुरलं त्या दिवशी ती मला धरून रडली. "कामाले जुंपला असता तं रोज हात फिरला असता दादा, दिसलं असतं. माह्यंच चुकलं."

मीही रडत होतो. आणि — हेच सांगायला इतका वेळ लागला — रडता रडता मला बरं वाटलं. तिच्या तोंडून ते ऐकून बरं वाटलं. मी तिच्या पाठीवरून हात फिरवला आणि म्हणालो, "होते असं."

ती अजूनही स्वतःचंच चुकलं म्हणते. मी ऐकून घेतो.