हसू आणि हसं

कॅमेऱ्याला डोळा लावण्याआधी तो समोरच्याला रामराम घालायचा आणि मला हळूच बजावायचा, "साहेब, हसू आलं पाह्यजे, हसं नाई झालं पाह्यजे."

एकोणीसशे साठच्या आसपासची गोष्ट. लोकांना खेळांची गोडी लागावी म्हणून आम्ही दोघे यवतमाळ जिल्हाभर फिरून छोट्या विनोदी फिल्मा करायचो. लिहिणं-दिग्दर्शन माझं, कॅमेरा त्याचा. तो दारव्ह्याचा, माझ्याहून दहा वर्षांनी मोठा. तरी मला साहेब म्हणायचा.

उमरखेडच्या रस्सीखेचीत त्याने नुसते पाय टिपले. मातीत रुतणारे, घसरणारे, एकमेकांत अडकणारे. फिल्म दाखवली तेव्हा लोक पोट धरून हसले. त्यांत ते पायवालेही होते. संथ सायकल शर्यतीत तो स्वतःच कॅमेऱ्यासकट आडवा झाला. उलटंपालटं झालेलं ते आभाळ त्याने मला कापू दिलं नाही.

मग बाभुळगावची कुस्ती आली. तिथे एक म्हातारा पहिलवान होता, एकेकाळचा नावाजलेला. एका तरण्या गड्याशी लुटुपुटूची कुस्ती करायला मी त्याला राजी केलं. गड्याने पडायचं, असं ठरलं होतं. गड्याला मात्र मी बाजूला घेऊन सांगितलं, खरंच पाड.

म्हातारा पाठीवर आपटला. उठायला दोनदा धडपडला आणि तिथेच मातीत बसून रडू लागला. माझ्या जोडीदाराने कॅमेरा खाली घेतला. "चालू ठेवा," मी खेकसलो. त्याने माझ्याकडे पाहिलं. घरी चार लेकरं होती त्याच्या. त्याने पुन्हा डोळा लावला.

एवढं कापून टाका, असं तो परतताना वाटभर विनवत होता. मी हो म्हणालो, आणि कापलं नाही.

बाभुळगावच्या शाळेत, खिडक्यांना घोंगड्या लावून, भर दुपारी फिल्म दाखवली. पहिलवान फेटा बांधून लेकीसोबत पुढे बसला होता. तुम्ही तिथे असता तर तुम्हीही हसला असता. सगळी खोली हसत होती. घोंगड्या काढल्या तेव्हा लेक उभी होती. हे कोणी काढलं, तिने विचारलं.

मी मशीनमागे होतो. तो पुढे गेला आणि त्याने म्हाताऱ्याचे पाय धरले. "म्या काढलं, दादा. चूक माही हाय."

मी मान खाली घालून फिल्म गुंडाळत राहिलो. दुसऱ्या दिवशी त्याने काम सोडलं.

चार-पाच वर्षांनी धीर करून दारव्ह्याला त्याच्या घरी गेलो. तो तापाने गेल्याला वर्ष होत आलं होतं. त्याच्या बायकोने चहा दिला.

"म्हाताऱ्याची अब्रू माह्या हातानं गेली, असं म्हनत राह्यले शेवटपर्यंत," ती म्हणाली. "तुमी तं सोबत होते. खरंच त्याईची चूक होती का?"

"झालं ते झालं, वहिनी," मी म्हणालो.

तिने ते 'हो' असंच घेतलं. मी घेऊ दिलं.