आक्काने अपील मागे घेतलं तेव्हा

फोन आला तेव्हा मी किन्हवलीला अंगणात पापड वाळत घालत होते. धाकटा भाचा बोलत होता, “मामी, आई गेली.” आणि माझ्या मनात पहिल्यांदा काय यावं? ...आता “का गो?” असं कोण विचारणार! हिराआक्का माझी मोठी नणंद. धसईच्या पुढच्या गावात दिलेली, शाळेचं तोंड न पाहिलेली. पण डॉक्टर असो की कंडक्टर, कारण विचारल्याशिवाय सोडायची नाही.

तिचं वरचं शेत पांडूभाऊजींच्या, म्हणजे तिच्या चुलत दिराच्या, शेतापलीकडे. वाट त्यांच्या खाचरांमधून. आमच्याकडे अशी वाट आषाढात दिसेनाशी होते, कारण तिच्यावरही भात लावतात. कापणी झाली की बैलगाडी पुन्हा तिथूनच. एका वर्षी भाऊजींनी कापणीनंतरही वाटेवर काटे टाकले. नाल्याकडून वळसा घालून भारे डोक्यावर आणायला माणसं मिळेनात, अर्धं शेत पडीक राहिलं. आक्काने दावा लावला. कोर्टाने पाहणीला साहेब नेमले, नि आम्ही शहाण्यांनी तारीख मागितली श्रावणातली! लावणी उरकलेली, हात मोकळे. साहेब बघतात तर गुडघाभर भात. ‘वाट आढळली नाही’ असं लिहून गेले. खोटं तरी काय लिहिलं? दावा गेला.

मग वरच्या कोर्टात अपील. तिथेही तोच कागद आडवा येणार. नव्या वकीलबाई म्हणाल्या, जुनी वाट सिद्ध करत बसण्यापेक्षा तहसीलदारांकडे बांधावरून नवा रस्ता मागा, तिथे शेताची गरज बघतात. पण आधी हे अपील मागे घ्या. झालं, आक्काचे प्रश्न सुरू. “मागं घेतलं म्हंजे हरले का? नि तिकडचे साहेब म्हणाले, तू तर हरलेली, मग?” वकीलबाई हसल्या. दुसरीकडे दाद मागायची मोकळीक ठेवून मागे घेतो, असं कोर्टाकडून लिहून घेऊ म्हणाल्या. आदेश हातात आल्यावर आक्काने एसटी स्टँडवरच मला ती ओळ तीनदा वाचायला लावली. मी घरीच वाचायला शिकलेली, अडखळत वाचली. “आता बोट ठेव तिच्यावर,” म्हणाली. ...बघत राहिली.

गावात उठलं, म्हातारी घाबरली. भाऊजींनी तर पेढे पाठवले. त्यांची बायको वैजू खाली मान घालून घेऊन आली. आक्काने एक तोंडात टाकला. “गोड हाय. म्हसाच्या जत्रेतला का गो?”

तहसीलदार माघात आले. बांध बघितले, दोघांचं ऐकलं. रस्ता मिळाला, सरळ नाही, बांधाबांधाने वळत जाणारा. आक्का काठी टेकत एकदाच त्यावरून वर गेली नि कितीतरी वेळ नुसती उभी राहिली. काय बघत होती? तिला विचारायचं माझंच राहून गेलं...

तेराव्यानंतर मी त्या रस्त्याने वरच्या शेताकडे गेले. राब भाजायचे दिवस, भाताच्या रोपांसाठी शेण-पालापाचोळा पसरून जमीन भाजतात ते. भाच्याने टेम्पोने शेण थेट वर नेलेलं, पडीक तुकड्यातही राब रचलेला. समोरून डोक्यावर पातेऱ्याचा, वाळल्या पानांचा, भारा घेऊन एक बाई उतरत होती. वैजू! मला बघून थबकली.

“भारा घेऊन हितनं बरं पडतं, वयनी.”

“भाऊजींना ठावं हाय का?”

“तेच मागनं येतात.”

मी बांधाच्या कडेला सरकले. आधी तिचा भारा गेला, मग भाऊजींचा. त्यांनी मान वर केली नाही. भारा मोठा होता, करता आलीही नसती.